पी. पी. नंबर

साताऱ्यातल्या आमच्या वाड्यात सात बिऱ्हाडं होती आणि फोन एकच होता. तो खालच्या काकूंकडे. काळा, डायलचा, क्रोशाच्या रुमालाखाली झाकून ठेवलेला. घरात फोन हवा असेल तर नंबर लावून वर्षानुवर्षं थांबावं लागायचं, त्यामुळे आमच्या घरच्या लग्नपत्रिकांवर, भावाच्या नोकरीच्या अर्जांवर काकूंचाच नंबर असायचा आणि त्याच्यापुढे कंसात दोन अक्षरं: पी. पी. त्या अक्षरांचा अर्थ कुणी विचारत नसे. फोन शेजारी आहे, निरोप पोचेल, एवढं त्यातून कळायचं.

1987 च्या पावसाळ्यात एका दुपारी आजोळहून फोन आला. आजोबा गेले होते. फोन काकूंनी घेतला आणि त्या जिना चढून वर आल्या. आई पोळ्या करत होती. काकूंनी आधी स्टोव्ह बंद केला, आईच्या हातातलं लाटणं काढून परातीत ठेवलं, तिला भिंतीला टेकून बसवलं आणि मग सांगितलं. मला आणि भावाला त्यांनी खाली नेलं. आईची पिशवी काकूंनीच भरली आणि काका तिला एसटीत बसवून आले. रात्री काकूंकडून पिठलं-भात आला. आम्हा मुलांना आजोबा गेल्याचं नीटसं कळलं नव्हतं. पण काहीतरी मोठं घडलंय आणि सगळा वाडा आपल्या बाजूने उभा आहे, हे कळलं होतं.

गेल्या वर्षी मामा गेला. तेव्हा मी ऑफिसच्या लिफ्टमध्ये होते. नातेवाइकांच्या ग्रूपवर मामेभावाचा मेसेज आला, ‘बाबा सकाळी गेले.’ लिफ्ट सहाव्या मजल्यावर पोचेपर्यंत त्याखाली एकवीस जोडलेले हात उमटले होते. दार उघडलं, मी बाहेर पडले, मीटिंगला जाऊन बसले. दुपारी डबा खाताना शेजारच्या मुलीने विचारलं, ‘मॅडम, बरं नाही का?’ तेव्हा कुठे मला रडू आलं. बातमी माझ्यापर्यंत क्षणात पोचली होती, पण ती सांगायच्या आधी माझ्या हातातलं लाटणं काढून घेणारं कुणी नव्हतं.

या दोन दिवसांमधला फरक मी वर्षभर मनात घोळवते आहे. मोबाइलमुळे माणसं बोलेनाशी झाली, अशी तक्रार आपण रोज ऐकतो. मला ती अपुरी वाटते. दोन माणसांमधलं बोलणं मोबाइलने कमी केलेलं नाही, उलट कितीतरी वाढवलं आहे. त्याने काढून टाकली ती त्या दोघांच्या मधली माणसं. निरोप घेणारी, हाक मारणारी, फोन उचलून आधी आपलीच चौकशी करणारी, पत्र वाचून दाखवणारी. ती आपल्या नात्यांच्या हिशेबात कधी धरलीच नव्हती, म्हणून ती गेलेलीही कळली नाहीत. आजचं एकाकीपण मला बरंचसं त्यांच्या जाण्याने आलेलं दिसतं.

नेहमीची तक्रार खोटी नाही. जेवणाच्या ताटावर एका हाताने घास आणि दुसऱ्या हाताने स्क्रीन, हे मीही पाहते, करतेही. समोरचा बोलत असताना मान खाली गेली की त्याला लागतं, हे कळायला संशोधन लागत नाही. पण फोनवर घालवलेले तास मोजून एकाकीपणाचं माप निघत नाही, असं मला वाटतं. अमेरिकेत पिट्सबर्गमध्ये रॉबर्ट क्राउट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नव्यानेच इंटरनेट आलेल्या 73 घरांचा अभ्यास केला आणि 1998 मध्ये तो प्रसिद्ध केला. जास्त वापर करणाऱ्यांमध्ये एकटेपणा थोडा वाढलेला दिसला आणि जगभर खळबळ उडाली. पुढे त्याच गटाने त्यातल्या लोकांना पुन्हा गाठलं, तेव्हा ते दुष्परिणाम बरेचसे ओसरलेले होते. त्या दुसऱ्या निष्कर्षाची चर्चा मात्र पहिल्याइतकी झाली नाही.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आयोगाचा 2025 चा अहवाल सांगतो की जगात दर सहा माणसांमागे एकाला एकाकीपणाने ग्रासलं आहे. आपल्याकडे हे दुखणं श्रीमंत देशांचं, बंद दारांच्या फ्लॅटचं मानलं जातं. त्याच अहवालात मात्र गरीब देशांमधलं एकाकीपणाचं प्रमाण सुमारे 24 टक्के आहे आणि श्रीमंत देशांमध्ये ते सुमारे 11 टक्के, म्हणजे निम्म्याहूनही कमी. स्मार्टफोन तर श्रीमंत देशांमध्येच जास्त घरांत आहेत. तेव्हा दोष एकट्या यंत्राच्या माथी मारून चालणार नाही. यंत्र आलं तेव्हा आपल्या जगण्यातून नेमकं काय निघून गेलं, हे पाहायला हवं.

मधली माणसं कशी होती, हे ज्यांनी पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. मुंबईच्या गिरणीत कोकणातला माणूस आणि गावाकडे बायको, आई, मुलं. मनीऑर्डर आणि पत्र घेऊन पोस्टमन यायचा, आणि घरात वाचता येणारं कुणी नसलं की पत्रही तोच वाचून दाखवायचा. ओटीवर शेजारणी जमायच्या. पैसे किती आले, कुणाला नमस्कार सांगितला, कुणाचं नाव राहिलं, हे सगळं चारचौघांत व्हायचं. ऐंशीच्या दशकात पिवळ्या पाटीचे एसटीडी बूथ आले. रात्री अकरानंतर दर उतरायचे, म्हणून त्या वेळी बूथबाहेर रांग लागायची. काचेच्या केबिनमध्ये माणूस बोलतोय, डोक्यावर मीटरचे लाल आकडे पळताहेत, बाहेर बाकावर बाकीचे. परगावी शिकायला आलेल्या किती मुलांनी त्या बाकावर पहिले मित्र जोडले असतील! बूथवाल्याला कुणाची आई आजारी आहे, कुणाला नोकरीचा होकार यायचा आहे, सगळं ठाऊक असायचं. रिसीव्हर ठेवून बाहेर येणाऱ्याचा चेहरा बघून तो सुट्टे मागायचं विसरायचा.

मग घरोघर फोन आले. तरीही मैत्रिणीशी बोलायचं तर वाट तिच्या घरातूनच जायची. आधी तिचे बाबा उचलायचे. ‘कोण? हां, बोल गं. परीक्षा कशी झाली?’ मग आजी. ‘तुझ्या आईचा गुडघा कसा आहे?’ आणि त्यानंतर मैत्रीण. तेव्हा त्या दोन मिनिटांचा कंटाळा यायचा. आज मला कळतं की मैत्री एकीशी होती आणि ओळख अख्ख्या घराशी. तिचे बाबा वारले तेव्हा मी रडले, कारण त्यांचा आवाज मला पाठ होता.

तीच मैत्रीण आज माझ्याशी रोज बोलते. सकाळचा चहा, दुपारचा वैताग, रात्रीची अंगदुखी, सगळं व्हॉट्सॲपवर येतं. तिच्या मनातलं मला जितकं माहीत आहे, तितकं तेव्हा नव्हतं. पण तिच्या नवऱ्याशी मी वीस वर्षांत सलग पाच मिनिटं बोललेले नाही. तिच्या मुलाचा आवाज रस्त्यात ऐकला तर मला ओळखू येणार नाही. आमच्यातली जवळीक खोल आहे, पण ती विहिरीसारखी आहे. वर दोघींपुरतं तोंड, आणि आजूबाजूला ओल नाही. उद्या आमच्यात बेबनाव झाला, किंवा दोघींपैकी एक गेली, तर दुसरीला हाक मारायला त्या घरातलं कुणी ओळखीचं उरणार नाही.

‘मी सगळ्यांशी बोलते, तरी एकटी आहे’ हे वाक्य मी बऱ्याच जणींकडून ऐकलं आहे. ते मला दुटप्पी वाटत नाही. एकेकाशी धागा घट्ट आहे, पण धाग्यांना आडवं काही विणलेलं नाही. नुसत्या उभ्या धाग्यांचं कापड होत नाही.

आता दुसरी बाजू. ती मला आडवळणाने नको, थेट मांडायची आहे, कारण मधल्या माणसांचं कौतुक करताना त्यांनी दिलेला काच विसरणं अन्यायाचं होईल. काकूंकडे माझ्या मावशीला माहेरचा फोन यायचा. ती आमच्याच वाड्यात दिलेली होती. फोन काकूंच्या बाहेरच्या खोलीत, भोवती चार माणसं, आणि ‘कुणाचा गं फोन?’ म्हणत पाठोपाठ आलेल्या सासूबाई. ‘कशी आहेस?’ या प्रश्नावर मावशीने ‘बरी आहे’ यापलीकडे कधी काही उत्तर दिलेलं मला आठवत नाही. ती बरी नव्हती. हे आजीला कळायला सहा वर्षं लागली. मावशीच्या हाती तेव्हा स्वतःचा फोन असता, तर त्या सहा वर्षांतली निदान चार वाचली असती. वाड्याला तिचं दुःख दिसत होतं, आणि वाडा गप्प होता. मधली माणसं निरोप पोचवायची तशी पहाराही द्यायची. दुसऱ्या जातीतल्या मुलाचा फोन आला तर तो मुलीच्या आधी तिच्या भावाला कळायचा.

म्हणून बायकांच्या हातातल्या फोनला नावं ठेवणाऱ्यांशी मी भांडते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या 2019-21 च्या फेरीत देशातल्या सुमारे 54 टक्के बायकांनी स्वतःच्या वापरासाठी मोबाइल असल्याचं सांगितलं. महाराष्ट्राचा आकडाही साधारण तेवढाच. म्हणजे जवळजवळ निम्म्या बायकांकडे तेव्हाही स्वतःचा फोन नव्हता; बोलायचं तर नवऱ्याच्या नाहीतर मुलाच्या फोनवरून, बहुधा त्याच्या देखत. त्यांना ‘फोनमुळे नाती तुटली’ हे सांगायला जाण्याचा मला अधिकार नाही.

बीडकडच्या ऊसतोड कामगारांनाही नाही. दसरा-दिवाळीच्या सुमारास मुकादमाकडून उचल घेतलेली जोडपी पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात कारखान्यांवर जातात. नवरा-बायकोच्या त्या जोडीला तिथे ‘एक कोयता’ म्हणून मोजतात. सहा महिने उसाच्या फडात आणि पाचटाच्या कोपीत. कितीतरी लेकरं गावाकडे म्हाताऱ्यांपाशी राहतात. अंधारात उठून फडावर जाणारी, कधी रात्री-अपरात्री गाडी भरायला उठावं लागणारी बाई दिवसाकाठी दहा मिनिटं लेकराचं तोंड पाहू शकते, ते मोबाइलमुळे. पूर्वी ती शिमग्यानंतर परतायची तेव्हा धाकटं पोर तिला ओळखायचं नाही, मागे सरायचं. ज्यांना पोटासाठी दूर जावं लागतं त्यांना त्या यंत्राने जे दिलं, त्याची किंमत पोटभर माणसांनी ठरवू नये. इथेही एक गोष्ट लक्षात येते. गावाकडे तो फोन बहुधा आजीच्या नाहीतर थोरल्या भावंडाच्या हाती असतो. आईशी बोलायला सगळी पोरं त्याभोवती गोळा होतात, शेजारचंही एखादं डोकावतं. एकच फोन आणि भोवती पाच माणसं, म्हणजे ती पुन्हा पी. पी. चीच पद्धत झाली. माणसं मधून निघून जातात ती प्रत्येकाच्या हातात वेगळा फोन आल्यावर.

हे एका दिवसात झालं नाही. भारतात पहिला मोबाइल कॉल झाला 31 जुलै 1995 रोजी, पश्चिम बंगालचे मुख्यमंत्री ज्योती बसू आणि केंद्रीय मंत्री सुखराम यांच्यात. पुढची कितीतरी वर्षं आलेल्या फोनचेही पैसे पडायचे, म्हणून माणसं कामापुरतं बोलायची आणि मिस्ड कॉल देऊन ठेवून द्यायची. एक रिंग म्हणजे पोचलो, दोन म्हणजे खाली ये. इनकमिंग फुकट झालं 2003 मध्ये. 2013 च्या जुलैत तार बंद झाली. 2016 मध्ये जिओ आलं आणि डेटा इतका स्वस्त झाला की एका घरात चार माणसं असतील तर चार पडदे झाले. प्रत्येक टप्प्यावर आपण मधलं एकेक माणूस वगळत गेलो, आणि प्रत्येक वेळी ती सोय होती. सोयीविरुद्ध तक्रार तरी कशी करायची?

माझी आई साताऱ्यातच असते. वाडा पाडून त्याच जागी जी इमारत झाली, तिच्या तिसऱ्या मजल्यावर. भाऊ जर्मनीत, मी मुंबईत. रोज रात्री साडेआठला आम्ही तिघं व्हिडिओ कॉलवर भेटतो. सहा वर्षांत फार तर दहा-बारा खाडे झाले असतील. तिने काय खाल्लं, गोळी घेतली का, साखर किती आली, हे आम्हाला रोज कळतं. आईला आम्ही एकटं पडू दिलेलं नाही, याचं मला समाधान होतं.

दिवाळीनंतर मी एकदम फेब्रुवारीत गेले. किल्ली विसरले होते, म्हणून दारावरची बेल दाबली. वाजली नाही. पुन्हा दाबली. शेवटी फोन केला तेव्हा आईने दार उघडलं. ‘बेल बंद आहे गं तुझी,’ मी म्हटलं. ‘हो का?’ ती म्हणाली. ‘कधीपासून?’ तिला माहीत नव्हतं. नंतर इलेक्ट्रिशियनने आतली तार काढून दाखवली, ती हिरवी पडून गंजून तुटली होती. दोन-तीन महिने तरी झाले असतील, असं तो म्हणाला.

त्या काळात आईच्या दारावर कुणी आलं नव्हतं, असं नव्हतं. पण दूधवाला पिशवी कडीला अडकवून जातो. गॅसवाला आणि कुरिअरवाला खालून फोन करतात. कामाच्या मावशींकडे किल्ली असते. सोसायटीचं जे असेल ते ग्रूपवर येतं. हळदीकुंकवाचं आमंत्रणसुद्धा यंदा रंगीत चित्र होऊन ग्रूपवर आलं होतं, आणि ‘आपल्याला कुणी बोलवायला आलं नाही’ म्हणून आई गेली नव्हती. रोज रात्री अर्धा तास मी तिचा चेहरा पाहत होते. त्या चेहऱ्यामागचं दार महिनोन्‌महिने वाजलेलं नाही, हे माझ्या फोनच्या चौकटीत कधी आलंच नाही. आणि मला जास्त बोचलं ते पुढचं. आमचा कॉल ठरलेला असल्याने आई संध्याकाळी खाली बाकावर बसायला जाणं टाळायला लागली होती. ‘तुमचा फोन यायचा असतो ना,’ ती म्हणाली.

अशा वेळी शहाणी माणसं सल्ला देतात, फोन बाजूला ठेवा, तासभर बंद करा. मी करून पाहिलं आहे. मी एकटीने फोन बंद केला तर बाकीच्यांचे चालूच असतात. मी मान वर करून बसते आणि समोर सगळ्यांच्या माना खाली. एकट्याच्या निग्रहाने एकटेपण जात नाही. हे सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगाव या गावाने ओळखलं, असं मला वाटतं. कडेगाव तालुक्यातलं हे गाव. करोनाच्या काळात मुलांच्या हाती अभ्यासासाठी फोन गेले ते सुटेनात, तेव्हा तिथल्या ग्रामस्थांनी मिळून ठरवलं. 2022 च्या स्वातंत्र्यदिनापासून रोज संध्याकाळी सात वाजता देवळावरचा भोंगा वाजू लागला. टीव्ही, मोबाइल बंद. साडेआठला दुसरा भोंगा, मग चालू करायला हरकत नाही. सुरुवातीला लोक ऐकेनात, तेव्हा आशा सेविका, अंगणवाडी सेविका आणि निवृत्त शिक्षक घरोघर फिरले. हे घरोघर फिरणं मला भोंग्याइतकंच मोलाचं वाटतं. त्याच वर्षाच्या अखेरीस यवतमाळ जिल्ह्यातल्या बांशी गावाने अठरा वर्षांखालच्या मुलांच्या मोबाइल वापरावर बंदीचा ठराव केला. त्यांची काळजी मला कळते, पण मार्ग पटत नाही. मुलांनी फोन खाली ठेवायचा आणि वर बघितलं तर मोठ्यांचे चेहरे पडद्याच्या उजेडात निळे! वडगावात शेजारच्या घरातलाही पडदा विझतो, म्हणून ओसरीवर आलं तर समोर माणूस भेटण्याची शक्यता असते.

शहरातल्या इमारतीवर भोंगा लावता येणार नाही. मला जे सुचलं ते छोटं होतं. फेब्रुवारीतच मी बेल दुरुस्त करून घेतली आणि इमारतीतल्या नऊ घरांची दारं वाजवली. आईची मुलगी म्हणून ओळख सांगितली, चार ठिकाणी चहा घेतला. चार नंबर घेतले, माझे दिले. आता आठवड्यातून दोन-तीनदा मी आईला सांगायचं ते मुद्दाम आईला सांगत नाही. दुसऱ्या मजल्यावरच्या वहिनींना फोन करते. ‘आईला तेवढं सांगता का, शनिवारी मी येतेय म्हणून?’ पहिल्यांदा त्या गोंधळल्या. ‘अहो, त्यांच्याकडे मोबाइल आहे ना?’ मी म्हटलं, ‘आहे, पण तुम्हीच सांगा.’ त्यांचे सासरे आमच्या वाड्याच्या आळीतलेच निघाले, तेव्हा त्यांना पी. पी. म्हणजे काय हे सांगावं लागलं नाही. मग त्यांचेही निरोप माझ्या आईकडून जाऊ लागले. आई भाजी निवडायला खाली जाते, त्यांची शाळकरी मुलगी गणिताचं पुस्तक घेऊन वर येते.

परवा रात्री साडेआठला नेहमीप्रमाणे कॉल लावला. भाऊ त्याच्या कामाचं सांगत होता, आई मान हलवत होती. मध्येच मागे बेल वाजली. ‘थांबा हं, कुणीतरी आलंय,’ असं म्हणून आईने फोन टेबलावर उताणा ठेवला आणि ती उठून गेली. माझ्या पडद्यावर तिच्या खोलीचं छत होतं, संथ फिरणारा पंखा, आणि दाराकडून येणारे दोन-तीन बायकांचे आवाज. वाटी कुणाची, लोणच्यात मेथी किती घातली, लिफ्ट पुन्हा बंद पडली का. भाऊ विचारत होता, ‘ठेवायचा का गं?’ मी म्हटलं, ‘राहू दे.’ दहा मिनिटं आम्ही दोघं तो पंखा बघत ऐकत राहिलो.